एकोणसाठ विकला

अक्कांचा विषय निघाला आणि कुणी "स्वभावानं जरा विचित्र होत्या हो" असं म्हणालं की माझ्या तळपायाची आग मस्तकात जाते. विचित्र कोण होतं ते मला चांगलं ठाऊक आहे. त्या ऑफिसात मी तीन वर्षं काढली आहेत.

ऑफिसचं नाव सांगत नाही. किनवटकडच्या जंगलपट्ट्यातलं एक सरकारी ऑफिस, एवढं पुरे. त्यात एक नकाशा कक्ष होता. कक्ष म्हणजे लोखंडी कपाटांच्या दोन रांगांमागं उरलेली जागा. तिथं अक्का आरेखक होत्या, हातानं नकाशे काढायच्या. मी कंधारचा, इंजिनियर झालेला, कंत्राटावर जीआयएस सहायक म्हणून आलेला. मी संगणकावर नकाशे काढणार होतो. त्यांचं खरं नाव कुणी घेत नसे. साहेबांपासून शिपायापर्यंत सगळे अक्काच म्हणत.

त्या निलंग्याकडच्या. वडलांचं तिथं भुसार मालाचं दुकान होतं. लिंगायत घर, कपाळावर विभूतीचे तीन ठसठशीत पट्टे, गळ्यात लिंग. सकाळी पूजा झाल्याशिवाय पाण्याचा घोट घ्यायच्या नाहीत, मग फील्डवर जायला किती का उशीर होईना. लग्न केलेलं नव्हतं. का नाही केलं, असं एका कारकुनानं जेवताना विचारलं, तेव्हा ताटातून मान वर न करता म्हणाल्या, "मापात बसला न्हाई कोणी." पुन्हा कुणी विचारलं नाही.

मी रुजू झालो त्या दिवशी त्यांनी माझं नाव विचारलं नाही. म्हणाल्या, "चप्पल काढ. उलटी कर."

मी केली. काय करणार?

"कवा घेतलास?"

"वर्ष झालं."

"वर्षात एवढीच झिजली? मग तू कसले नकाशे काढतोस रे?"

मला राग आला. चार वर्षं शिकून आलो होतो, घरात पहिला इंजिनियर, आणि ही बाई माझ्या चपलेचा तळ बघते. संध्याकाळी आईला फोन करून सांगितलं की इथं एक सर्किट बाई आहे, तिच्याशेजारी बसवलंय.

सर्किटपणा होताच, नाही कशाला म्हणू? स्वतः पायी फिरल्याशिवाय त्या कुठल्याही जमिनीवर पेन्सिल टेकवत नसत. कुणी कच्चा नकाशा आणून टेबलावर ठेवला की एकच प्रश्न: "पायाखालून गेलंय का?" साहेबांनाही तोच. एकदा मंत्र्यांच्या दौऱ्यासाठी हेलिपॅडचा नकाशा हवा होता, दोन तासांत. जीप रिकामी नव्हती. अक्का एसटीनं गेल्या, उतरून पाच किलोमीटर चालल्या, दुसऱ्या दिवशी दुपारी नकाशा घेऊन आल्या. तोवर दौरा होऊन गेला होता. साहेब एवढे तापले की पाण्याचा ग्लास हिंदकळला. अक्का म्हणाल्या, "पुढच्या टायमाला कामी येईल," आणि नकाशा फाइलला लावला. खरंच पुढच्या वर्षी तोच वापरला. त्याबद्दल त्यांना कुणी चांगलं म्हटलं नाही.

वावर मोजायची त्यांची रीत वेगळी होती. कसणाऱ्याला म्हणायच्या, "चल, दाखीव तुझं वावर. हातानं न्हाई, पायानं." तो पुढं, दोन्हीकडचे शेजारी बरोबर, मागं अक्का. बांधाच्या प्रत्येक कोपऱ्यावर थांबायचं. शेजाऱ्याला विचारायचं, हा कोपरा कबूल आहे का? तो हो म्हणाला की पिशवीतून चार फुटाणे काढून त्याच्या हातावर ठेवायच्या, तिथंच खायला लावायच्या. मग कागदावर टिंब. पुढं कधी बांधावरून तंटा झाला की अक्का म्हणत, "माझं फुटाणं खाल्लास ना रे त्या कोपऱ्यावर? मग?" माणूस खाली बघायचा. मी हे तीन वेळा डोळ्यांनी पाहिलं आहे.

आता माझ्या बाजूची गोष्ट. ऑफिसात जीआयएस आलं. जंगलात पिढ्यान्‌पिढ्या वावर कसणाऱ्यांना त्या जमिनीचा हक्क द्यायचा कायदा आहे. गावानं दावा करायचा, सरकारनं जमीन मोजायची, आणि मोजलेला तुकडा उपग्रहाच्या जुन्या फोटोवर ठेवून बघायचा, की ठरलेल्या तारखेच्या आधी तिथं शेती दिसते का. दिसली तर पट्टा, म्हणजे हक्काचा कागद, नाही तर दावा अमान्य. पूर्वी हे कागदावर चालायचं. आता हातात धरायची जीपीएस यंत्रं आली, सॉफ्टवेअर आलं, एका एजन्सीचा समन्वयक आला, आणि भिंतीवर एक मोठा स्क्रीन आला. त्यावर प्रत्येक दाव्याचा एक चौकोन. फॉर्म भरला की चौकोन हिरवा. दर सोमवारी वरच्या लोकांशी व्हीसी, म्हणजे व्हिडिओ कॉन्फरन्स, आणि व्हीसीत एकच गोष्ट विचारली जायची: हिरवे किती झाले? भरलेलं खरं आहे का, हे तीन वर्षांत एकदाही कुणी विचारलं नाही. एकदाही.

प्रशिक्षण झालं की. नांदेडला, हॉटेलात, तीन दिवस. पहिला दिवस उद्घाटनात आणि सत्कारात गेला. दुसऱ्या दिवशी प्रोजेक्टर बंद पडला. तिसऱ्या दिवशी गुरुद्वाऱ्याचं दर्शन, ग्रुप फोटो, बॅग, प्रमाणपत्र. यंत्र हातात घेऊन वावरात जे उभे राहणार होते, रोजंदारीवरचे, त्यांच्यातला एकही माणूस तिथं नव्हता. ज्यांची नावं पाठवली होती त्यातल्या निम्म्यांची सहा महिन्यांत बदली झाली. पोट भरून जेवण मात्र सगळ्यांना मिळालं.

आणि अक्का? लोकांना वाटतं जुन्या आरेखक बाईला संगणकाचा तिटकारा असणार. अहो, अक्कांनी त्या प्रशिक्षणासाठी तीन अर्ज केले होते. मी स्वतः पाहिले आहेत, मोत्यासारख्या अक्षरातले. "मला शिकण्याची इच्छा आहे." उत्तर आलं की सेवानिवृत्तीस दोन वर्षांपेक्षा कमी काळ उरला असल्याने विचार करता येत नाही. त्यांनी ते उत्तर व्यवस्थित फाइलला लावलं आणि दुसऱ्या दिवसापासून पाच वाजले की खुर्ची ओढून माझ्यामागं बसायला लागल्या. "हे काय कराय लागलास? हे बटन कशाला? हे पिवळं काय हाय?" मला कटकट व्हायची. महिनाभरात त्या असे प्रश्न विचारू लागल्या की मला समन्वयकाला फोन करावा लागे, आणि त्यालाही येत नसे.

त्या पावसाळ्यात मी कोलाम आदिवासींच्या एका गुड्याचे, म्हणजे पाड्याचे, रोजंदारीवरच्यांनी वावरातून लिहून आणलेले फॉर्म संगणकात भरत होतो. सतरा दावे. फॉर्मवर प्रत्येक कोपऱ्यासाठी तीन चौकटी होत्या: अंश, कला, विकला. विकला म्हणजे घड्याळातल्या सेकंदांसारख्या, साठ झाल्या की एक कला. एका कोपऱ्याच्या विकला लिहिल्या होत्या ७२. सॉफ्टवेअरनं घेतलं नाही, लाल पट्टी दाखवली. पुढचा ६५. पुन्हा लाल. मी समन्वयकाला फोन लावला. तो गाडीत होता. म्हणाला, "अरे, साठच्या वर घेत नसेल तर एकोणसाठ टाक आणि पुढं चल. सोमवारी व्हीसी आहे."

मी एकोणसाठ टाकले. जिथं जिथं साठच्या वर आकडा होता तिथं तिथं एकोणसाठ.

साठ सेकंदांचं एक मिनिट असतं हे मला दुसरीत शिकवलं होतं. ७२ दिसला तेव्हाच मला कळलं होतं की खाली कुठंतरी मोठा घोळ आहे. कळलं होतं, हे आज मी उघड लिहितो. चौकोन हिरवे झाले. सोमवारी व्हीसीत आमच्या ऑफिसचं नाव घेऊन कौतुक झालं.

सहा महिन्यांनी अमान्य दाव्यांची यादी आली. गुड्याचे सतराच्या सतरा दावे अमान्य. कारण सगळ्यांपुढं एकच: उपग्रह प्रतिमेवर वहिती दिसून येत नाही. अपिलाला साठ दिवस.

यादी लागल्यावर तिसऱ्या दिवशी सोनाबाई आली. गुड्यातली विधवा बाई, पन्नाशीची असेल, दोन एकर वावर, त्यात ज्वारी आणि तूर. ती साहेबांकडं गेली नाही, सरळ कपाटांमागं अक्कांकडं आली, कारण पूर्वी तिचं वावर अक्कांनी पायी मोजलं होतं. हातातला कागद पुढं केला.

"अक्का, माझं वावर दिसत न्हाई म्हणतात. मंग मी एवढी वर्सं कुठं राबून राहिले?"

अक्कांनी कागद वाचला. कपाटातून ट्रेसिंग पेपरची गुंडाळी काढली, गुड्याचा स्वतः काढलेला नकाशा. मला म्हणाल्या, "तुझा छापून दे, याच मापात." मी दिला. त्यांनी ट्रेसिंग त्यावर ठेवलं आणि खिडकीच्या काचेला लावून धरलं.

सोनाबाईचं वावर अर्ध्या किलोमीटरहून जास्त सरकून घनदाट सागात जाऊन बसलं होतं. वर फुगलेलं, आणि एका बाजूनं सुरीनं कापल्यासारखं सरळ. शेजारचंही त्याच रेषेवर कापलेलं. त्याच्या शेजारचंही. आणि दोघांची वावरं तर नुसती रेघ झाली होती. क्षेत्र शून्य, चौकोन हिरवा.

अक्कांनी त्यातल्या एका रेघेवर बोट ठेवलं. मग हळू आवाजात म्हणाल्या, "रेघंवर काय पेरतात रे?"

त्यांना राग आला की आवाज चढत नसे, उतरत जाई. मी म्हणालो, "मशीननं दिलं तसं आलंय."

"मशीन घे. उद्या जाऊ."

दुसऱ्या दिवशी आम्ही एसटीनं गेलो. सोनाबाई पुढं, मी मागं यंत्र घेऊन, अक्का माझ्या मागं. उत्तरेच्या कोपऱ्यावर आल्यावर म्हणाल्या, "वाच."

"अडतीस पॉइंट सहाशे पन्नास."

"लिही या फॉर्मवर."

मी कलेच्या चौकटीत ३८ लिहिलं. विकलेच्या चौकटीपाशी आलो आणि पेन थांबलं. यंत्र अपूर्णांकात दाखवत होतं. अडतीस पूर्णांक पासष्ट शतांश कला. म्हणजे अडतीस कला आणि साठाच्या हिशेबानं एकोणचाळीस विकला, पासष्ट नव्हे. पण फॉर्मवर चौकटी तीन, यंत्रावर टिंब एक, आणि यंत्र धरणाऱ्याला कुणी काही सांगितलेलं नाही. त्यानं टिंबाआधीचं कलेत आणि टिंबानंतरचे दोन आकडे विकलेत लिहिले. ३८ आणि ६५. आपण असतो तर आपणही तेच केलं असतं. यंत्राची सेटिंग बदलायला दोन मिनिटं लागतात. ती दोन मिनिटं आख्ख्या खात्यात कुणाजवळ नव्हती.

"पासष्ट लिहिलं त्यानं," अक्का म्हणाल्या. "चुकलं, पण जे दिसलं ते लिहिलं. मग तुझ्या नकाशात एकोणसाठ कुठून आलं?"

सोनाबाई आमच्याकडं बघत उभी होती. मी खाली बघितलं. साठच्या वरचे सगळे कोपरे एकाच एकोणसाठवर आले म्हणूनच ती वावरं सरळ कापलेली, रेघ झालेली दिसत होती.

"मी टाकलं."

"किती जणाचं?"

"जिथं साठच्या वर होतं तिथं. सगळ्यांचं. सांगितलं होतं तसं."

"साकु," अक्का म्हणाल्या. कानडीत पुरे. त्यांचं मराठी संपलं की त्या कानडीत जात. परतीच्या बसमध्ये त्या माझ्याजवळ बसल्या नाहीत.

पुढच्या आठवड्यात त्यांनी साहेबांपुढं टिपणी ठेवली. समन्वयकही होता. त्यानं वाचून हसून म्हटलं, "मॅडम, डेटा फ्रीज झालाय. वर गेलाय. आता हात लावता येत नाही." साहेब कपाळ चोळत म्हणाले, "अक्का, हे मान्य केलं तर फक्त सतरा नाहीत, आख्ख्या तालुक्याचे दावे उघडावे लागतील. कळतंय का तुम्हाला?" अक्का म्हणाल्या, "कळतंय म्हणूनच आले." मग माझ्याकडं बोट केलं. "खामखा माझं ऐकू नका. भरलंय यानं. याला विचारा."

सगळे माझ्याकडं बघायला लागले. मार्चमध्ये माझं कंत्राट संपत होतं, ते वाढवणं साहेबांच्या हातात होतं. कंधारला घरावर स्लॅब टाकायचं ठरलं होतं, बहिणीचं बघणं सुरू होतं. मी म्हणालो, "सर, फॉर्मवर होतं तेच भरलं."

साहेबांनी टिपणीवर लिहिलं, "तांत्रिक पुरावा नाही. नस्ती बंद." अक्कांनी माझ्याकडं बघितलंसुद्धा नाही. अकरा दिवस त्या माझ्याशी बोलल्या नाहीत. डबा खाताना खुर्ची फिरवून पाठ करून बसत. वाटलं, ओरडा हो एकदाचं, चार शिव्या द्या. त्यांनी नाही दिल्या.

पण त्या गप्प बसणाऱ्यातल्या नव्हत्या. रजा टाकून एसटीनं गुड्यात जात होत्या. सतराही वावरं पुन्हा पायी फिरून मोजली, प्रत्येक कोपऱ्यावर शेजाऱ्यांचे अंगठे आणि सह्या घेतल्या, सतरा ट्रेसिंग काढली, सतरा अपिलं स्वतः लिहिली. मुदत संपायला चार दिवस असताना सगळी दाखल झाली. मला त्यातलं काही सांगितलं नाही. नोंदवहीत बघितलं तेव्हा कळलं.

तोवर साहेब बदलले. नवे साहेब बरे होते. ते स्वतः गुड्यात जाऊन आले, बुटाला चिखल लागेस्तोवर फिरले, आणि सतराही दावे मान्य केले. अक्का त्याच महिन्यात निवृत्त झाल्या. निरोपसमारंभात त्यांना शाल आणि भिंतीवरचं घड्याळ दिलं. भाषणं झाली, मनमिळाऊ वगैरे. कुणाला ऐकायचं होतं?

गोष्ट इथं संपायला हवी होती. पण आमच्या ऑफिसला चांगली गोष्ट चांगली ठेवता येत नाही.

पट्टेवाटपाचा कार्यक्रम ठरला. मांडव, पाहुणे, फोटो. आदल्या दुपारी मला पट्टे छापायला सांगितलं. दावा मान्य झाला होता, पण पट्ट्यामागं जोडायचा नकाशा निघत होता सॉफ्टवेअरमधून, आणि त्यात तोच जुना, फ्रीज केलेला डेटा. मी समन्वयकाला फोन केला. एजन्सीचं कंत्राट संपलं होतं, त्यानं उचलला नाही. साहेब दौऱ्यावर. हेडक्लार्क म्हणाले, "अरे छाप रे, नकाशा कोण बघतो? पट्टा हातात पडू दे, मग दुरुस्ती करू." मलाही तसंच वाटलं. वाटलं नाही, मी वाटवून घेतलं. सोनाबाईचा पट्टा प्रिंटरमधून बाहेर आला, मागं सागाच्या जंगलातला फुगलेला तुकडा, खाली "तांत्रिकदृष्ट्या प्रमाणित" आणि माझी सही. बघून, वाचून केलेली सही.

कार्यक्रमाला अक्का निलंग्याहून आल्या होत्या. गुड्यातल्या लोकांनी बोलावलं होतं. सोनाबाई लॅमिनेट केलेला पट्टा घेऊन त्यांच्याकडं आली. अक्कांनी तो उलटा केला. मग मांडवात माझा शोध घेत आल्या.

"तू छापलास?"

"हो."

"बघून छापलास?"

"हो अक्का. दुरुस्तीचा प्रस्ताव लगेच..."

त्यांनी हात वर केला. सोनाबाईकडं वळून तिला सरळ सांगितलं की हा नकाशा तिच्या वावराचा नाही, पलीकडच्या सागाचा आहे. सोनाबाईनं पट्टा परत घेऊन छातीशी धरला. म्हणाली, "असू द्या अक्का. नाव तं माझंच हाय ना? कोणी आलं तर दाखवीन. त्याला तरी कुठं नकाशा वाचता येतो?"

पण त्याला येत होता. मे महिन्यात रोपवनाचे खड्डे खोदायला मजूर आले, बरोबर वनपाल. सोनाबाईनं धावत जाऊन पट्टा दाखवला. वनपालानं उलटा केला, मोबाइलवर बघितलं, आणि शांतपणे म्हणाला, "मावशी, बरोबर आहे. तुमची जमीन तिकडं सागात आहे. ही नाही. हे तुमच्याच कागदावर आहे." आणि मजुरांना खोदायला सांगितलं. जो कागद तिला वाचवणार होता त्याच कागदानं तिला वावरातून हाकललं. तो कागद मी छापला होता.

सोनाबाईनं अक्कांना निलंग्याला फोन करून कळवलं. दोन दिवसांनी सोमवार होता. व्हीसी चालू असताना माझा फोन थरथरला. अक्का.

"मी वावरात बसले हाय. तू ये."

मी गेलो. व्हीसीतून उठून गेलो, एवढं एक तरी केलं. पोचलो तेव्हा दुपारचे दोन झाले होते. सोनाबाईच्या वावरात चाळीसेक खड्डे पडले होते. पुढच्या रांगेतल्या एका अर्धवट खड्ड्यात पाय सोडून अक्का काठावर बसल्या होत्या, डोक्यावर पदर, बाजूला पाण्याची बाटली. पहाटेच निलंग्याहून निघून नांदेडला बस बदलून आल्या होत्या. मजूर सावलीत बसलेले. वनपाल बिचारा वैतागला होता. मला म्हणाला, "साहेब, माझ्याकडं तुमच्याच ऑफिसचा नकाशा आहे. मी काय करू, सांगा तुम्ही." त्याचं काही चुकत नव्हतं.

अक्कांनी पिशवीतून कोरा कागद आणि पेन काढून मला दिलं. "लिही. कोणाचं काय चुकलं ते. सही कर, पट्ट्याचा नंबर टाक."

मी बांधावर बसलो आणि लिहिलं. यंत्राचं, फॉर्मच्या चौकटींचं, एकोणसाठचं, सगळं. शेवटी लिहिलं: "सदर नोंदी माझ्याकडून नजरचुकीने झाल्या असून हे क्षेत्र प्रत्यक्षात सोनाबाईच्या वहितीत आहे." सही केली, कागद दिला.

अक्कांनी चष्मा लावून वाचला. पेन माझ्या हातातून घेतलं आणि एक शब्द खोडला. कागद परत केला.

"नजर चुकली नव्हती तुझी. काय झालं होतं ते लिही."

"अक्का, तसं लिहिलं तर माझी नोकरी जाते."

"हाव. जाते." त्यांनी सोनाबाईकडं बघितलं. ती खड्ड्यांच्या पलीकडं उभी होती. "हिचं वावर जातंय. तू ठरव. मी उठत न्हाई."

वनपाल दुसरीकडं बघायला लागला. मी कागद मांडीवर घेतला आणि खोडलेल्या शब्दाच्या वर लिहिलं, "माहीत असून". एवढे दोन शब्द लिहायला मला दोन वर्षं लागली.

वनपालानं कागदाचा फोटो काढून वर पाठवला, अर्ध्या तासानं फोन आला, आणि वरून लेखी उत्तर येईपर्यंत काम थांबवा असं ठरलं. मजूर गेले. अक्का खड्ड्यातून उठताना त्यांचा पाय बधिर झाला होता, मी हात दिला. त्यांनी तो घेतला. पहिल्यांदाच. म्हणाल्या, "आता आईला फोन लाव. दुसऱ्याकडून कळण्याआधी तूच सांग."

लेखी उत्तर अजून आलेलं नाही. सोनाबाईनं खड्डे स्वतःच बुजवले आणि पाऊस पडल्यावर त्यावर तूर टाकली. उरलेल्या सोळा जणांचे पट्टे अजून सागात आणि रेघांवर आहेत.

माझा आदेश मात्र आठ दिवसांत आला. कंत्राट तात्काळ प्रभावानं समाप्त. खाली कारण लिहिलं होतं: "संबंधित कंत्राटी कर्मचाऱ्याच्या नजरचुकीने नोंदींमध्ये तफावत निर्माण झाल्यामुळे." माझ्या हातचा कागद त्यांच्यासमोर होता. "माहीत असून" असं मी सहीनिशी लिहिलेलं होतं. त्यांनी ते वाचलं आणि तरी हे लिहिलं, कारण माहीत असून म्हटलं की विचारावं लागतं, अजून कुणाकुणाला माहीत होतं?

मी अक्कांना निलंग्याला फोन केला आणि ते वाक्य वाचून दाखवलं.  

त्या म्हणाल्या, "तुझ्याजवळ पेन हाय का?"

"आहे."

"मग खोड ते."